आक्का, घर एकूण कितीला पडलं?

आक्का, पंधरा दिवसांपूर्वी मी तुझ्यासाठी साडी घेतली. सकाळी सिल्लोडहून तुझ्या पोराचा फोन आला, "मामा, आई गेली" एवढंच तो बोलला आणि फोन दुसऱ्या कुणाच्या तरी हातात गेला. घरी तुझी भावजय मीना रडत रडत पिशवी भरत होती आणि मी गुलमंडीत दुकान उघडायची वाट बघत उभा होतो. बाई अहेव गेली तर अंगावरची शेवटची साडी भावानं आणायची असते, हे मला कुणी सांगायची गरज नव्हती. दुकानदारानं गादीवर बसवलं, पाणी दिलं, कार्य कोणतं म्हणून विचारलं. मी म्हटलं, बहिणीसाठी पाहिजे, हिरवी. त्याला वाटलं, घरात लग्न असेल. बिचारा एकेक घडी उलगडून काठ दाखवत राहिला आणि मला काही सांगवेना. शेवटी जरीच्या काठांची एक घेतली, सहा हजार आठशेची. पैसे मोजताना सवयीनं वाटलं की आता तू ओरडणार. कुणी ओरडलं नाही. मी पिशवी काखेत धरून रस्त्यावर आलो आणि तिथं मला रडू फुटलं.

मीना म्हणते, आक्कांविषयी काहीतरी लिहा, मन हलकं होईल. पण तुझ्याविषयी लिहायला बसलो की तुझ्याशीच बोलायला लागतो. तेराव्याला जो येई तो म्हणे, बाई देवमाणूस होती. तू काही देवमाणूस नव्हतीस. तू हट्टी होतीस, मेथीच्या एका जुडीसाठी सगळा बाजार डोक्यावर घ्यायचीस, आणि माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठी असल्याचा फायदा मी अठ्ठावन्नाचा झालो तरी सोडला नव्हतास. कंपनीत मी दिलीपराव आहे, घरी बाबा आहे. 'दिल्या' म्हणणारं आता कुणी राहिलं नाही.

तुझं शिक्षण सातवी. मी बी.कॉम., वाळूजच्या कंपनीत हिशोब खात्यात. हा फरक मी तुला आडून आडून दाखवत असे आणि तू दाखवून घेत असायचीस. तू तुमच्या गल्लीत बायकांची बोलीची भिशी चालवायचीस. बारा जणी, महिन्याला हजार-हजार. जमलेले बारा हजार जिला नड असेल ती बोली लावून उचलायची. कुणी म्हणायची, मला दहाच द्या पण आज द्या. उरलेले दोन हजार बाकीच्या वाटून घ्यायच्या. तू कायम शेवटी उचलायचीस. मी हसून म्हणायचो, आक्का, ही सावकारी झाली. तू म्हणायचीस, "घाई आसणाऱ्याचे दोन हजार जातेत, पण त्याला ते दिसत नायत. का, तर त्याच्या हातात दहा हजार आसतेत." हे तू मला गोष्टीसारखं सांगायचीस आणि मी गोष्टीसारखं ऐकून सोडून द्यायचो.

मग मी घर घेतलं. पडेगावात, दौलताबादच्या रस्त्याला लागून असलेल्या ओळीतलं, आठ लाखांचं. दोन लाख जवळ होते, सहा लाख बँकेचे, पंधरा वर्षांसाठी. दिवसभर कंपनीच्या एका रुपयाच्या फरकासाठी वह्या उलथ्यापालथ्या करणारा मी, बँकेत मात्र एकच प्रश्न विचारला, महिन्याला किती? पाच हजार सहाशे अठ्ठेचाळीस. पगारातून तेवढे वजा केले, उरलेल्यात घर चालतंय असं दिसलं आणि दाखवाल तिथं सह्या केल्या. व्याजाचा दर बदलता राहील असंही त्या कागदांत होतं. बदलतं तर सगळंच असतं, असं मला वाटलं.

वास्तुशांतीला दाजी आणि तू आदल्या दिवशीच आलात. दाजींनी आहेर म्हणून पंखा आणला होता आणि इलेक्ट्रिशियनवर विश्वास नाही म्हणून स्वतः स्टुलावर चढून तो बसवला. दाजी तेव्हा फार खुशीत होते. साऱ्या पाहुण्यांना घर तेच दाखवत होते, जणू त्यांनीच बांधलं होतं. तू स्वयंपाकघरात पुरण वाटत होतीस. मला हाक मारलीस आणि विचारलंस, एकूण किती? मी म्हटलं, आठ लाख. "ते घराचे. बँकेला एकूण किती द्यायचेत?" मला सांगता येईना. मग पुरणाच्या हाताची बोटं मोजत तूच हिशोब केलास आणि म्हणालीस, दहा लाखाच्या वर होतेत रे. मी चिडलो. आजच्या दिवशी तरी हे नको, घर होतंय ते बघ, असं काहीतरी बोललो. तू म्हणालीस, इचारलं रे नुस्तं. आणि पुन्हा पुरण वाटायला लागलीस. त्या दिवशी मी तुझ्याशी तुसडेपणानं बोललो, त्याची माफी मी कधी मागितली नाही. आता मागतो.

तीन वर्षांनी व्याजाचे दर एकदम चढले. कंपनीत ज्याच्या त्याच्या तोंडी हप्ता वाढल्याची रड होती आणि मी छाती काढून फिरत होतो, कारण माझा हप्ता एका रुपयानंही वाढला नव्हता. राखीला तू आलीस तेव्हा हे तुलाही ऐकवलं. माझी बँक चांगली आहे, म्हटलं. तू म्हणालीस, बँक फुकटात चांगली कशी आसंल? कागद दाखव. मी मोठ्या तोऱ्यात फाइल आणली. बँकेकडून आलेलं प्रत्येक पत्र मी पंच करून तारीखवार लावलं होतं. तेवढं माझ्या अंगवळणी पडलेलं होतं. वाचायचं मात्र राहून गेलं होतं. तुला इंग्रजी येत नव्हतं, पण आकडे येत होते. सगळ्यात वरच्या पत्रातल्या एका आकड्यावर बोट ठेवून तू विचारलंस, हे दोनशे पंचवीस काय हाय?

ते उरलेले हप्ते होते. एकशे चव्वेचाळीस उरायला हवे होते. मी म्हटलं, छपाईची चूक असेल. तू दुसऱ्या दिवशीची सिल्लोडची एसटी सोडलीस आणि माझ्याबरोबर बँकेत आलीस.

काउंटरमागे एक तरुण मुलगी होती. चांगली होती बिचारी. तिनं समजावून सांगितलं की दर पावणेआठचा सव्वाअकरा झालाय, हप्ता वाढवला असता तर तुम्हाला जड गेला असता, म्हणून मुदत वाढवली, तसं पत्रही पाठवलंय. पत्र माझ्याच हातातल्या फाइलीत होतं. कुणी मला फसवलं नव्हतं. मीच फक्त एका आकड्याकडे बघत बसलो होतो आणि दुसरा माझ्या पाठीमागं वाढत गेला होता. मग तिनं स्क्रीन आमच्याकडे फिरवली. या महिन्याच्या पाच हजार सहाशे अठ्ठेचाळीसमधले चार हजार नऊशे चौपन्न व्याजात गेले होते, आणि सहाशे चौऱ्याण्णव मुद्दलात. तीन वर्षांत मी दोन लाख तीन हजार भरले होते आणि मुद्दल हललं होतं बहात्तर हजारांनी. मी तिथल्या तिथं गुणाकार केला. असंच चाललं तर सहा लाखांपायी मी पावणेपंधरा लाख देणार होतो, आणि शेवटचा हप्ता भरताना माझी कंपनीतून निघायची वेळ झालेली असणार होती. तू त्या मुलीला विचारलंस, "बाई, मधीच एकरकमी थोडे भरले तर घ्याल का?" ती म्हणाली, घेऊ की. "वीस हजार भरले तर ह्या दोनशे पंचवीसमधले किती जातेत?" तिनं आकडा टाकला. सव्वीस. तू म्हणालीस, परत दाबा. तिनं परत दाबलं. सव्वीसच.

वीस हजारांत दीड लाखाचे हप्ते पुसले जातात, हे मी हिशोबाच्या पुस्तकात शिकलो होतो आणि परीक्षेत लिहून मार्कही मिळवले होते. पण ते खरंच होतं हे मला त्या दिवशी कळलं. बाहेर आल्यावर रिक्षाची वाट बघताना तू मला सांगितलंस ते मी अजून कंपनीतल्या नव्या पोरांना सांगतो, फक्त तुझं नाव घेत नाही. "पहिल्यांदा भरलेला रुपया व्याजाच्या लई रुपयांना मारतो, दिल्या. शेवटाला भरलेला नुस्ता रुपया आसतो."

आणि मग तिथंच, बँकेच्या पायऱ्यांवर, आपण भांडलो. तू म्हणालीस, मी या वेळी भिशी आधी उचलते, कमी पडतील ते साठवणीतले घालते आणि तुला वीस हजार देते. जन्मात कधी भिशी आधी न उचलणारी तू! मी नाही म्हटलं. बहिणीचा पैसा घेऊन घराला लावणारा भाऊ मी नाही, आबांना काय वाटेल, वगैरे. आबा जाऊन तेव्हा सहा वर्षं झाली होती. जाताना त्यांनी माझा हात धरून सांगितलं होतं, एकच लेक हाय, तिला माहेर कमी पडू देऊ नको. म्हणून माझा दिवाळीचा सगळा बोनस भाऊबीजेला जायचा. तुला भारी साडी, दाजींना सफारीचं कापड, पोरांना कपडे, फराळाचे डबे, आणि हे सगळं मिरवत न्यायला भाड्याची जीप. हे तुला माहीत होतं. तू म्हणालीस, माझं घ्यायचं नसंल तर नको घेऊ. मग मला देतोस ते तरी देऊ नको. बोनस बँकेत भर आणि पावती ताटात टाक. तीच माझी ओवाळणी.

मला वाटलं, बोलते आहे. पण भाऊबीजेला तू एकटीच एसटीनं आलीस, मला पाटावर बसवलंस, ओवाळलंस आणि ताट पुढं धरून उभी राहिलीस. मी पावती टाकली. तुझ्या बोटाचं कुंकू तिला लागलं. मीना आत जाऊन डोळे पुसत होती आणि तू मात्र पावती उलटसुलट करून शिक्का नीट उठलाय का ते बघत होतीस.

इथवर गोष्ट फार छान आहे. मी ती स्वतःला पुष्कळदा सांगितली आहे. पण खर्चाचा दुसरा कागद बँकेकडे नव्हताच, तो सिल्लोडला होता. तुमच्या घरची रीत मला काय माहीत नव्हती का? भाऊबीज करून आलेल्या सुना दुसऱ्या दिवशी ओसरीवर माहेरची साडी सगळ्यांपुढं उलगडून दाखवतात. तुझ्या थोरल्या जावेनं, शांताबाईनं, तिची उलगडली. तू जुनीच नेसून बसली होतीस. शांताबाई म्हणाली, घर घेतल्यापासून भावाचा हात आखडला वाटतं. तू हसलीस म्हणे. दाजींना मात्र ते हसणं लागलं. त्यांना साडीचं काही नव्हतं, सफारीचंही नव्हतं. ज्या घराला त्यांनी स्टुलावर चढून पंखा लावला, त्या घरानं त्यांच्या बायकोची चारचौघांत शोभा केली, हे त्यांना सोसलं नाही. माझ्या उंबऱ्यात पाय ठेवणार नाही, म्हणाले. आणि दाजी बोलले ते करतात.

हे तू मला वर्षभरानं सांगितलंस, तेही फोनवर, हसत हसत. मी म्हटलं, मी उद्याच येतो आणि दाजींना सगळं सांगतो. तू माझ्या गळ्याची शपथ घातलीस. भावाचं कर्ज सासरी सांगायचं नसतं, म्हणालीस. आज नुसती चिक्कू भावाची बहीण आहे, उद्या कर्जात बुडालेल्या भावाची होईन, ते नको. मी थोडी हुज्जत घातली आणि मानलं. आक्का, आज खरं सांगतो. ती शपथ मला सोयीची होती. तुझ्या साडीवर माझं घर सुटतंय हे दाजींच्या डोळ्यांत बघून सांगायची मला लाज वाटत होती. तू शपथ घातलीस आणि मी आतून सुटलो. तुला हे कळलं असणार, तुला सगळं कळायचं, पण तू कधी बोलली नाहीस.

दहा दिवाळ्या झाल्या. दर वर्षी पावती, दर वर्षी तू एकटी. एकदा मीनानं नऊशे रुपयांची साधी साडी चिवड्याच्या डब्याखाली लपवून तुझ्या पिशवीत घातली. तुला पोचवून आम्ही परत आलो तर साडी फ्रिजवर, खाली चिठ्ठी, 'साडी ठेवली. चिवडा नेला.' त्या चिठ्ठीवर आम्ही दोघं किती वेळ हसलो. खरं तर ते दिवस सुखाचे होते. दर भाऊबीजेला जेवण झालं की तू मला स्टेटमेंट वाचायला लावायचीस. व्याजाचा आकडा खाली आणि मुद्दलाचा वर चालला होता, आणि ज्या वर्षी मुद्दल व्याजाच्या पुढं गेलं त्या वर्षी तू मीनाला शिरा करायला लावलास. पोरं विचारायची, आज काय आहे? तू म्हणायचीस, तुमच्या बापाचा वाढदिवस हाय.

तेरावं वर्ष सरायच्या आत कर्ज फिटलं. नऊ वर्षं आधी. चार लाखांच्या आसपास वाचले. बँकेनं काही देणं उरलं नसल्याचा, बेबाकीचा कागद आणि घराचं मूळ खत परत दिलं, ते मी आधी तुझ्या हातात ठेवलं. तू एकेक पान उलटून पाहिलंस, मुद्रांकावर हात फिरवलास आणि म्हणालीस, आता साडी घेऊन दे. लई महाग नको. आक्का, तू ते बँकेचं पत्र पाहिलं नसतंस तर आज, तुला लिहिताना, माझे अजून नऊ हप्ते बाकी असते.

त्यानंतर मी दर वर्षी साडी दिली. शांताबाईनं पाहिली, तिचं तोंड बंद झालं. पण दाजी आले नाहीत. रुसव्यालाही व्याज चढतं आणि त्याचं पत्र कुणी पाठवत नाही. माझ्या लेकीच्या लग्नाला ते मंगल कार्यालयात आले, अक्षता टाकल्या, माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि बाहेरच्या बाहेर सिल्लोडला गेले. मी तुझ्यामागं लागलो होतो की आता तरी सांगू दे. या संक्रांतीला आपलं शेवटचं भांडण झालं ते याच्यावरच. मी म्हटलं, अठरा वर्षं झाली. माझ्या घराला दाजींचा पाय नाही, हे बँकेच्या व्याजापेक्षा जास्त पडलंय मला. तू म्हणालीस, "म्हातारपणी माझ्या नवऱ्याला कुणी तू चुकलास म्हणलेलं मला बघवायचं नाय. ऱ्हाऊ दे." मी म्हटलं, चूक त्यांची नाही, माझी आहे. तू म्हणालीस, मग तर अजिबात नको. आणि तिळगुळाचा डबा माझ्या हातात कोंबलास. त्यावर माझ्याकडे उत्तर होतं. ते देईन पुढच्या खेपेला, असं म्हणून मी निघालो.

ते उत्तर मी तेराव्याला दिलं. तू नव्हतीस, म्हणून देता आलं, असंही असेल.

मी दाजींसाठी दुखवट्याचे कपडे घेऊन गेलो होतो, धोतर, सदरा, टोपी. अंगणात सगळे बसले होते. दाजींनी तेरा दिवसांत हू की चू केलं नव्हतं. टोपी घातली तशी त्यांनी घालून घेतली. जेवणं झाली आणि बायकांत तुझ्या शेवटच्या साडीचा विषय निघाला. शांताबाईनं रडून डोळे सुजवले होते, पण जीभ तिचीच. ती म्हणाली, शेवटची तेवढी भारी आणली भावानं. मधी दहा वर्षं आणली आसती तर नेसून मिरवली तरी आसती.

मी उभा राहिलो. तुझी शपथ माझ्या गळ्याची होती, ती मोडली. मी आधी दर, मुदत, मुद्दल असं सांगायला लागलो आणि लोक एकमेकांकडे बघायला लागले. मग मी ते सोडलं आणि दाजींकडे तोंड करून सरळ बोललो. "दाजी, दहा दिवाळ्या तिनं माझ्याकडून साडी घेतली नाही. ते पैसे तिनं माझ्या घराच्या कर्जात भरायला लावले, म्हणून माझं घर नऊ वर्षं आधी सुटलं. तिनं शपथ घातली होती, पण मला गप्प बसायचंच होतं, म्हणून मी गप्प बसलो."

मग शांताबाईच बोलली, आणि जे बोलली ते मला माहीत नव्हतं. ती म्हणाली, दर श्रावणात आम्ही बायका जीप करून वेरूळला जायचो. पडेगाव आलं की ही डायव्हरला गाडी हळू करायला लावायची आणि खिडकीतून हात काढून दाखवायची. म्हणायची, "ते निळ्या टाकीचं घर माझ्या भावाचं. त्याची गच्ची माझी हाय." आम्हाला वाटायचं, भाऊ साडी देत नाय म्हणून हिनं त्याच्याकडनं गच्ची लिहून घेतली. आम्ही म्हणायचो, बाई लई पक्की हाय.

अंगणातले सगळे हसले. तेरा दिवसांत त्या घरात कुणी हसलं नव्हतं. मीही हसलो, डोळे पुसत. इतकी वर्षं मी समजत होतो की तू सगळं मनात दाबून राहिलीस, कुणापाशी बोलली नाहीस, माझ्यापायी झुरलीस. आणि तू तर भरल्या जिपेत हात बाहेर काढून सांगत सुटली होतीस. झुरली नव्हतीस तू, आक्का. तुला त्याचा ताठा होता. माझ्या मनावरचं ओझं त्या एका वाक्यानं उतरलं, ते कुठल्याच बेबाकीनं उतरलं नसतं.

हसणं थांबल्यावर दाजींनी मान वर केली. म्हणाले, "दिलीपराव, जिना आजून बाहेरूनच हाय ना?"

मी म्हटलं, बाहेरूनच आहे, उंबरा लागत नाही.

"आन् पायऱ्या?"

सतरा, मी म्हटलं.

ते म्हणाले, गुडघे धरतेत माझे. पण येतो. ती गच्ची बघायचीय मला.

काल दाजी आले. तुझ्या पोरानं गाडीतून आणलं. फाटकातून आत शिरताना त्यांनी चपला काढल्या. मी हात द्यायला गेलो तर नको म्हणाले, कठडा धरून एकेक पायरी चढले, मध्ये दोनदा बसले. वर पोचल्यावर चारी बाजूंना पाहिलं आणि रस्त्याच्या अंगाला कठड्यापाशी जाऊन उभे राहिले. खालून वेरूळकडे जाणारी एक जीप गेली, बायकांनी भरलेली. ती दिसेनाशी होईपर्यंत ते बघत होते. मग तिथंच सतरंजीवर टेकले आणि म्हणाले, मी हितंच बसतो जरा, चहा हितंच पाठवा.

मी खाली आलो. मीना दारातच उभी होती, कुठं आहेत म्हणून विचारत होती. मी म्हटलं, आक्काच्या गच्चीवर बसलेत, चहा ठेव.